रावीरीचं म्हणणं

मॅनेजरच्या ऑफिसच्या दाराशी एक खोकं ठेवलेलं होतं. त्यात रावीरीचे बूट, चहाचा मग आणि त्याच्या कपाटात आतून चिकटवलेला असायचा तो त्याच्या मुलीचा फोटो. तेपाएरू तिथंच थांबली.

"हे कुणी भरलं?"

"वेळ वाचावा म्हणून," मॅनेजर ब्रायस आतून म्हणाला. "या, बसा."

लाकूड कापायच्या त्या सॉमिलच्या युनियनची प्रतिनिधी म्हणून तिला बोलावलं होतं. टेबलापलीकडं ब्रायस बसला होता. अलीकडं मान खाली घातलेला रावीरी. गेल्या आठवड्यात त्याची फोर्कलिफ्ट, फळ्या उचलायची गाडी, मागं येताना नूरोआचा पाय चाकाखाली चिरडला. डॉक्टरांना तो गुडघ्याखाली काढावा लागला. नूरोआ म्हणजे तेपाएरूचा धाकटा भाऊ.

"तुमच्या मनाची अवस्था कळते मला," ब्रायस आवाज मऊ करून म्हणाला. "म्हणून लांबवत नाही. याला आजच काढून टाकतोय. तुमची हरकत असायचं कारणच नाही."

हरकत कुठली? रविवारी चर्चमध्ये सगळे नूरोआसाठी प्रार्थनेला उभे राहिले, तेव्हा तिच्या ओठांवर या पोरासाठी शाप होता.

तिनं खुर्ची ओढली आणि रावीरीच्या शेजारी बसली.

"ठरवून झालंय ना तुमचं? मग मला काय खोकं उचलायला बोलावलंत?"

ब्रायसचे कान लाल झाले. "तसं नाही, चौकशी तर करायचीच असते..."

"मग करा. आधी ते सामान त्याच्या कपाटात जाऊ दे. मग त्याच्यावर ठपका काय आहे तो त्याला वाचून दाखवा. मग त्याचं म्हणणं ऐका. ठरवायचं ते त्यानंतर."

ब्रायस उठला आणि स्वतःच खोकं उचलून घेऊन गेला.

"आंटी, कशाला?" रावीरी पुटपुटला. "मी जातो ना निघून. तुमच्या तोंडाकडं बघवत नाही मला."

"मग नको बघूस. समोर बघ."

ब्रायसनं परत येऊन ठपका वाचला. हॉर्न न देता गाडी मागं घेतली.

"खरं आहे हे?" ब्रायसनं विचारलं.

"हो," रावीरी म्हणाला.

भिंतीपलीकडून करवतींची घरघर येत होती. तेपाएरूनं टेबलाची कड घट्ट धरली. आता तिला काहीच करायचं नव्हतं. नुसतं गप्प बसलं की झालं.

"खोटं आहे," ती म्हणाली. "हॉर्न दोनदा वाजला. मी पलीकडच्या शेडमध्ये होते. मी ऐकला."

ब्रायसनं वर पाहिलं. "मग नूरोआला कसा नाही ऐकू आला?"

"बोल," तेपाएरू रावीरीला म्हणाली.

"नको, आंटी. त्याचा पाय गेलाय. वर आणखी त्याचं नाव कशाला खराब करू?"

"माझा भाऊ आहे तो. मी सांगतेय ना, बोल."

तेव्हा तो अडखळत बोलला. चहाच्या सुट्टीला लवकर पोचावं म्हणून नूरोआ पिवळ्या पट्ट्याच्या आतून आला होता. फळ्यांच्या थप्प्यांमधून, जिथं पायी जायला मनाई आहे. आवाज अडवायला कानांवर टोपणं असतात, त्यांच्या आत इअरफोन घालून त्यानं गाणी लावली होती.

"मी उतरून धावलो, तर गाणं चालूच होतं. लोक जमायच्या आत मी ते इअरफोन त्याच्या कानातून काढले आणि खिशात घातले." त्यानं ब्रायसकडं पाहिलं. "पण मागं वळून नीट बघितलं नाही मी. नुसत्या हॉर्नवर विसंबलो. तेवढं माझं. तेही लिहा."

ब्रायसनं ते लिहिलं आणि पेन खाली ठेवलं. "आज काही ठरत नाही. नूरोआलाही विचारावं लागेल."

"विचारायलाच हवं," तेपाएरू म्हणाली. तिचा आवाज तिलाच परका वाटला.

संध्याकाळी ती हॅमिल्टन शहराच्या इस्पितळात पोचली, तोवर बातमी तिच्या आधी पोचलेली होती. भावजय वॉर्डच्या दारात आडवी उभी राहिली.

"त्याच्या शेजारी बसलीस म्हणे! सख्खा भाऊ इथं तळमळतोय, आणि ही निघाली त्याची वकिली करायला. कसली बहीण गं तू?"

तेपाएरूनं उकडलेल्या टारोचा, अळूच्या कंदांचा, डबा तिच्यापुढं धरला. तिनं तो घेतला नाही.

"येऊ दे तिला," आतून नूरोआ म्हणाला.

तो खिडकीकडं तोंड करून पडला होता. पांघरूण एका बाजूला गुडघ्याखाली सपाट होतं.

"रावीरीनं सांगितलं?"

"तो सांगत नव्हता. मी सांगायला लावलं."

बाहेर गाड्यांचे दिवे लागत होते.

"ताई," नूरोआ म्हणाला, "मी गाण्यांचं मुद्दाम लपवलं, असं वाटतं तुला?"

तेपाएरूनं स्टूल पलंगाजवळ ओढलं आणि त्याच्या उशाशी बसली.

"मला काय वाटतं ते राहू दे," ती म्हणाली. "तू सांग."