ओवणाऱ्या

"काठाचा धागा नको. पदरातला काढ," सिद्धम्मा म्हणाली.

वृषालीनं मांडीवरची निळी साडी उलटी केली. साडी तिच्या थोरल्या बहिणीची, सृष्टीची. गेल्या उन्हाळ्यात सृष्टी सासरच्या विहिरीत सापडली होती. पाय घसरला, असं कागदोपत्री ठरलं. सासरजवळच्या वाशीच्या बाजारात मात्र लोक हळू आवाजात दुसरंच बोलत. नवऱ्यानं ढकललं, म्हणत.

भर दुपार होती. परंड्याच्या किल्ल्यापलीकडं, बाभळीच्या कुंपणाआड पांढऱ्या फुलांचा मळा पसरला होता. बाहेरनं बघणाऱ्याला तो गुलछडीचा वाटावा. पण फुलांना वास नव्हता आणि एवढ्या फुलांवर एकही मधमाशी नव्हती. लिंबाच्या सावलीत सिद्धम्माच्या हाताखालच्या काही बायका माळा ओवत बसल्या होत्या. ओठ मिटलेले. कुणाचा हात थांबत नव्हता आणि कुणाची पापणी हलत नव्हती.

लोक त्यांना नुसतं 'ओवणाऱ्या' म्हणत. एरवी त्या चारचौघींसारख्या बाजारात गलांड्याच्या फुलांचे हार विकत, लग्नाच्या मुंडावळ्या करून देत. त्यातली ओवणारी कोण आणि साधी फुलवाली कोण, हे कुणालाच सांगता यायचं नाही. पण मागं एका तालेवार माणसानं भर पंगतीत, गळ्यात हार पडताच, भावाची कडब्याची गंज कशी पेटवली ते घडाघडा सांगितलं होतं. जेवणाऱ्यांचे हात पानावरच थांबले. तेव्हापासून वृषाली या बायकांचा माग काढत होती.

"कुणाच्या गळ्यात घालायची?" सिद्धम्मानं विचारलं.

"दाजींच्या. बलभीम दाजी. दूध संस्थेचे चेअरमन झालेत, त्यांचा सत्कार आहे."

"त्यानंच केलं, असं वाटतंय तुला?"

"वाटत नाही. मला माहीत आहे."

"तू व्हतीस तिथं?"

"मी माकणीला होते. आईजवळ."

सिद्धम्मा तिच्याकडं बघत राहिली. मग तिनं फुलांची परडी पुढं सरकवली. "आमी कुणाला न्हाय म्हणत न्हाय. पर येक ध्यानात ठेव. फुलाला खरं-खोटं कळत न्हाय. ओवताना मनात जे आसंल ते माळंत उतरतंय. मग ते कुणालाच काढता येत न्हाय."

वृषाली पदरातल्या धाग्यात फुलं ओवू लागली. देठ बोटांना थंडगार लागत होते. बलभीम विहिरीकडं चाललाय. बलभीम मागं उभा आहे. बलभीमचा हात. एकेका फुलासरशी ती मनात त्याचं नाव घेत राहिली. एकदाच पदराला अजून येणारा ताईच्या केसांच्या तेलाचा वास तिच्या नाकात गेला आणि डोळे भरून आले. त्याच क्षणी सावलीतल्या सगळ्या बायकांनी माना वर केल्या. तिच्याकडं बघितलं. पुन्हा खाली घातल्या.

माळ ओल्या फडक्यात गुंडाळून ती एसटी गाठायला निघाली, तेव्हा सिद्धम्मा कुंपणापर्यंत आली.

वाटेत वृषालीला आईचं बोलणं आठवत होतं. सृष्टीचे दिवस झाल्यावर आईनंच, नागूबाईनं, विषय काढला होता, की धाकटीला त्याच घरात देऊ, नातं तुटायचं नाही. वृषालीनं नाही म्हटलं नव्हतं. बलभीमनं म्हटलं. खाली बघून, हात जोडून म्हणाला, "आई, तिला मी बहीण मानली." आणि वर्ष सरायच्या आत त्याची दुसरीकडं सोयरीक जमल्याची बातमी आली. ज्याचं मन साफ आहे तो एवढी घाई कशाला करील, असं तेव्हा गावही म्हणालं होतं.

सत्काराचा मांडव शाळेपुढं घातला होता. नागूबाई पहिल्या रांगेत बसली होती. बलभीमनं स्वतः जीप पाठवून तिला माकणीहून आणवलं होतं. आल्याआल्या तो तिच्या पाया पडला, तेव्हा म्हातारीनं त्याच्या डोक्यावर हात ठेवला खरा, पण तिची नजर त्याच्या चेहऱ्यावर काहीतरी शोधत राहिली. लोकांचं बोलणं तिच्याही कानावर गेलं होतं.

नाव पुकारलं गेलं. वृषाली पुढं गेली.

"तू आलीस, लई बरं वाटलं," बलभीम म्हणाला.

"वाका जरा, दाजी."

तो वाकला. तिनं माळ घातली. टाळ्या झाल्या. माळ अंगाला लागताच थंडी वाजल्यासारखा त्याचा खांदा उडाला, पण तो हसला आणि माईकपाशी गेला.

"मी काही लई बोलणारा माणूस नाही. दोनच शब्द बोलतो, आणि..."

तो थांबला. त्याचा हात माळेकडं गेला आणि अर्ध्यातच खाली आला. वृषाली खांबाला धरून उभी होती.

"सृष्टी पाय घसरून पडली नाही," बलभीम म्हणाला. "तिला ढकललं."

नागूबाई उभी राहिली. कुणीतरी माईक काढून घ्यायला पुढं झालं, तर म्हातारी ओरडली, "बोलू द्या त्याला!"

वृषालीनं डोळे मिटले. सुटले, असं तिला वाटलं.

बलभीमचा आवाज बारीक झाला होता, मऊ झाला होता, ओळखीचा झाला होता.

"दाजी घरी नव्हते. मी आधीच येऊन विहिरीवर बसले होते. ताई मला बघून हसली. म्हणाली, कधी आलीस गं?"