लोकांना दिसणारं प्रेम

२००८ साल. जुन्नरच्या बाजाराला आली की हर्षाली सायबर कॅफेत बसून ऑर्कुट बघायचीच. शेतात रापलेली तिची मैत्रीण सारिका तिथल्या फोटोत दुधासारखी गोरी दिसायची, आणि चाकणला कंपनीत असलेला तिचा नवरा खाली लिहायचा, "जानू, तुझ्या गोऱ्या गालांवर जीव ओवाळून टाकीन."

"याला म्हणत्यात प्रेम! तुमी लिहिलंय का कधी?" हर्षाली नवऱ्याला घालूनपाडून बोलायची.

"आगं, तोंडानं सांगतो की," रामदास म्हणायचा. "तू हाय तशीच लई भारी दिसती."

"ते काय लोकांना दिसतंय व्हय?"

एकदा कॅफेत शेजारच्याच कॉम्प्युटरवर सारिका बसलेली दिसली. हर्षाली मागून हळूच डोकावली, तर सारिका नवऱ्याच्या खात्यातून स्वतःलाच लिहीत होती, "जानू..."

हर्षाली आवाज न करता जागेवर परतली.

"आगं चल की, भेळ मऊ पडली!" बाहेरून रामदासनं हाक मारली.

"थांबा हो जरा!" ती त्याच्यावर खेकसली आणि रामदासच्या नावानं नवीन खातं उघडून तिनं स्वतःला लिहिलं,



"जानू, तुझ्यावाचून मला एक क्षणही करमत नाही."