प्राप्त अर्जानुसार

बदलीच्या आदेशातल्या दोन शब्दांखाली हेडक्लार्कने लाल पेन्सिलीने रेघ मारली आणि कागद वकिलापुढे सरकवला.

"प्राप्त अर्जानुसार. म्हणजे कुणीतरी अर्ज करून मला इथून उचललंय."

कुणाचा संशय आहे का, असं वकिलाने विचारलं. संशय कसला, खात्रीच होती. शेजारच्या टेबलावरच्या बाई. कागद दिसला की टाचणी खुपसायच्या म्हणून अख्खं ऑफिस त्यांना मागे टाचणीबाईच म्हणायचं. हेडक्लार्कची खुर्ची रिकामी झाली की ती त्यांनाच मिळणार, हे शिपायालाही ठाऊक होतं.

गेल्या महिन्यात याच बाईंना जुनं कपाट आवरायची हुक्की आली होती. वर्षानुवर्षं भिजत पडलेली घोंगडी त्यांनी एका गठ्ठ्यात बांधली आणि वर पाठवायला म्हणून सहीसाठी आणली. एकदा चाळून घ्या, असंही वर तोंड करून म्हणाल्या. हेडक्लार्कने न बघता सही ठोकली. वीस वर्षांत कधी बघितलं नव्हतं, तर आता कुठे बघणार? त्याच गठ्ठ्यात बाईंनी डाव साधला असणार.

आदेश आल्यावर बाई दोनदा काहीतरी सांगायला आल्या. त्याने पाठ फिरवली. जखमेवर फुंकर घालायला आल्यात, दुसरं काय!

घरी बायकोची शाळेतली नोकरी, मुलीचं परीक्षेचं वर्ष. आणि बदली कुठे, तर त्याच्या जुन्या गावी. तिथल्या घराला तीन वर्षं कुलूप होतं.

"अहो, आई असत्या तर मीच म्हटलं असतं, जाऊ या," बायको म्हणाली. "आता तिथे कोण आहे आपलं?"

म्हणजे त्या रिकाम्या घरात त्याला एकट्यानेच राहावं लागणार होतं.

सुनावणीला ऑफिसची फाईल घेऊन बाईच हजर. त्याने ढुंकूनही पाहिलं नाही. त्याच्या वकिलाने अंतरिम स्थगिती मागितली. ही बदली कुणा हितशत्रूच्या अर्जावर झाली आहे, तो अर्ज दाखवा, असा त्याचा आग्रह होता. न्यायाधीशांना ते पटलं. तसं निघालं तर आत्ताच स्थगिती देतो, म्हणाले.

बाईंनी फाईल उघडली, टाचणी काढून एक पिवळा पडलेला कागद सोडवला.

"साहेब, मी म्हटलं होतं ना, एकदा चाळून घ्या," त्या हळूच म्हणाल्या.

वकिलाने कागद वाचला आणि हेडक्लार्कच्या हातात दिला. अक्षर त्याचंच होतं, सही त्याचीच, तारीख नऊ वर्षांपूर्वीची आणि मजकूर दोन ओळींचा: "माझी आई गावी एकटी असते. तिच्याजवळ राहता यावं म्हणून माझी तिथे लवकरात लवकर बदली व्हावी, ही विनंती."