सावलीपुरतं भोक

दुपारच्या निजलेल्या घरात ड्रिलचं खोकं खट्‌कन वाजलं. केतकीनं श्वास रोखला. सासरे, अप्पा, जागे झाले तर संपलंच! अंगणातलं सागवानी टेबल अप्पांनी रिटायर झाल्यावर स्वतःच्या हातांनी बनवलेलं. मोठ्या छत्रीच्या दांड्यासाठी त्याला मधोमध भोक पाडू या, असं तिनं सकाळी म्हटलं, तर ते कडाडले होते, "टेबल आहे की चाळणी?"

पण तिच्या लेकीच्या, पाच वर्षांच्या शाल्मलीच्या अंगावर जरा ऊन पडलं की फोड उठत. शेजारची मुलं त्या टेबलाभोवती अंगतपंगत करत आणि ती खिडकीचे गज धरून बघत राही. आता ते केतकीला बघवत नव्हतं. अंगणात येऊन तिनं ड्रिलला गोल करवत लावली आणि टेबलावर टेकवली. भुसा उडाला.

"थांब!" दारात अप्पा उभे होते.

"नाही थांबणार, अप्पा." तिनं ड्रिल सोडलं नाही.

"अगं, वरून आरपार गेलीस तर खालून ढलपी निघेल. अर्धं वरून पाडायचं, अर्धं खालून. कान टोचावेत ते सोनारानंच. आण इकडे!"

रविवारी छत्री उघडली. शाल्मली आपला डबा घेऊन मुलांच्या मधोमध बसली, पाय हलवत जेवली. मग तिनं सावलीच्या काठापर्यंत बोट नेलं आणि चटकन मागे घेतलं.

"आई, उन्हाची माझ्याशी कट्टी आहे ना?"

"हो गं, बाळा."

"पण मी काय केलं होतं त्याला?"