कपाटामागचा पिवळा

पेंटरीणबाई आणि रंगारी, दोघांनी मिळून कपाट सरकवलं आणि भिंतीवर दाराएवढा पिवळा चौकोन उघडा पडला. बाकीची खोली धुराने, उन्हाने आणि येताजाता हात पुसून कधीच राखाडी झाली होती. कपाटामागे मात्र रंग काल लावल्यासारखा होता.

"हाच," पेंटरीणबाई म्हणाल्या. "सगळ्या खोलीला अगदी हाच हवा. जरासुद्धा इकडेतिकडे नको."

रंगारी मान डोलावून कामाला लागला. त्याच्याही मिशा आता पिकल्या होत्या, पण या घरात तो अजून पेंटरांचा चेलाच होता. पेंटर स्वतः खिडकीपाशी खुर्चीत बसले होते. जन्मभर त्यांनी दुसऱ्यांच्या भिंती, दारं, पाट्या, होड्या रंगवल्या. आपल्या घराची पाळी आली की म्हणायचे, पुढच्या वर्षी. ते पुढचं वर्ष उजाडेपर्यंत हात इतका थरथरायला लागला की चहाचा कपही धड धरवेना, मग ब्रशचं तर नावच नको.

पेंटरीणबाईंचा या पिवळ्यावर भारी जीव. लग्न होऊन त्या या खोलीत आल्या तेव्हा एक पलंग, एक स्टोव्ह आणि हा रंग, एवढाच संसार होता. "माझ्यासाठी बाजार पालथा घालून शोधून आणलाय हो," हे त्यांनी बहिणीला सांगितलं, शेजारणींना सांगितलं, सुनेला तर किती वेळा सांगितलं. दर वेळी गोष्ट थोडी जास्त रंगायची. मध्यंतरी तर तिच्यात पेंटर दुकानदाराशी भांडलेही होते. पेंटर ऐकत आणि गप्प राहत. बाईंना वाटे, लाजतात.

दुपारपर्यंत भिंतीवर पिवळ्याचे सात-आठ पट्टे उठले. एक हळदीकडे झुकला, एक लिंबाकडे. एक बराच जवळ आला आणि वाळल्यावर भलताच निघाला. चेल्याने कपाळाला हात लावला, तर तिथेही पिवळा उमटला.

"वहिनी, शेडकार्ड पाठ झालं माझं. दुकानातल्या मशीननेसुद्धा हात टेकले. असा रंग कुठल्या कंपनीने काढलेलाच नाही."

"काढला नाही कसा? ह्यांनी आणला तो काय आभाळातून पडला?" त्या खुर्चीकडे वळल्या. "अहो, सकाळपासून तोंडात मिठाची गुळणी धरून बसलाय. कुठल्या दुकानातून आणलात ते तरी सांगा त्याला."

पेंटरांनी खिडकीबाहेर पाहिलं, मग मांडीवरच्या आपल्या हातांकडे.

"दुकानातून नव्हता आणला," ते म्हणाले. "उरलेला होता."

"म्हणजे?"

"कामावरचे डबे उरायचे ना. तळाशी बोटभर, दोन बोटं. खिसा रिकामा, आणि तू तर यायची होतीस. मग सगळे एका बादलीत ओतले. दातांच्या डॉक्टरच्या दाराचा क्रीम, बँकेच्या खिडक्यांचा पांढरा, कुणाच्या तरी पाळण्याचा हिरवा. मुलींच्या शाळेचा पिवळा. ढवळलं, आणि जे झालं ते लावलं."

चेल्याला हसू येत होतं. बाईंचा चेहरा पाहून त्याने ते गिळलं आणि ब्रश धुवायचं निमित्त करून तो बाहेर सटकला.

बाई पलंगाच्या कडेवर बसल्या. इतक्या वर्षांची गोष्ट, आणि एका बादलीत तिचा बेरंग झाला. राग नाही आला त्यांना. वाईट वाटलं, लहान मुलीला वाटतं तसं. ज्याला त्या आपला म्हणत आल्या, तो सगळ्या गावाचा उरलासुरला निघाला.

"मी सांगत सुटले जगाला," त्या म्हणाल्या. "एकदा तरी अडवायचंत."

"तू इतकं छान सांगायचीस."

त्या उठून चौकोनापाशी गेल्या आणि भिंतीवरून हात फिरवू लागल्या. नीट पाहिलं तर सगळा पिवळाच होता तो. क्रीम, पांढरा, हिरवा नुसते चवीपुरते. फिरता फिरता हात थांबला.

"मुलींची शाळा तुम्ही एकदाच रंगवलीत."

"हं."

"तेव्हा मी शेवटच्या वर्गात होते. व्हरांड्यात शिडी लावलेली असायची. माझी वेणी ओल्या भिंतीला लागली, तर वर्गाच्या बाई मलाच ओरडल्या."

पेंटरांनी पुन्हा खिडकीबाहेर पाहिलं.

"आपलं लग्न त्यानंतर दोन वर्षांनी झालं. मामाने जुळवलं. तोवर तुम्ही मला पाहिलंसुद्धा नव्हतं."

"असं मामा सांगायचे," पेंटर म्हणाले.

बाई हळूच मागे वळल्या. इतकी वर्षं पेंटरच्या घरात काढली होती, एवढं तरी त्यांनाही कळत होतं.

"ऑइलपेंटचा उघडलेला डबा चार महिन्यांत दगड होतो. मीच किती फेकलेत तुमचे. मग शाळेचा तो डबा दोन वर्षं टिकला कसा?"

पेंटरांनी पहिल्यांदा त्यांच्याकडे सरळ पाहिलं. हात थरथरत होते, आवाज नाही.

"वरून पाणी घालून ठेवायचं, बोटभर," ते म्हणाले. "म्हणजे रंगावर साय धरत नाही. दर रविवारी पाणी तेवढं बदलायचं."