हलिमाच्या नावाची गोष्ट

पारापाशी कारखान्याचा ट्रक उभा होता आणि मनकर्णा आपलं पोर आणायला शेजारी हलिमाच्या घरी निघाली होती.

आपलं पोर.

जणू कुणी नाही म्हणत होतं.

ट्रकमध्ये कोयते, भांडी, चटया चढल्या होत्या. नवरा, निवृत्ती, वर जाऊन बसला होता. सहकारी साखर कारखान्यावर सहा महिने ऊस तोडायचा. यंदा पहिल्यांदाच दोघं निघाली होती. मुकादम पंडित खालून ओरडत होता, दिवस कलायच्या आत नगर गाठायचंय. पोराला, बंकटला, नेऊ नको, हलिमाकडं राहू दे, असं निवृत्ती कालपासून सांगत होता. गेल्या हंगामात गावातल्या भिवराबाईचं लेकरू तिकडं उसाच्या पाचटाच्या कोपीत, त्या झोपडीत, हगवणीनं गेलं होतं. मनकर्णानं ऐकलं नाही. कोपीत पोराचं काय होईल याची तिला भीती होती. पण इथं ठेवलं तर ते आपलं राहणार नाही, याची खात्रीच होती.

दुष्काळात झालेलं पोर. मनकर्णा खडी फोडायला जायची आणि बघता बघता तिचा पान्हा आटला. हलिमाची लेक जैबुन तेव्हा अंगावर पीत होती. हलिमानं काही न विचारता बंकटला दुसऱ्या बाजूला लावलं.

पोर जगलं.

एवढं पुरायला हवं होतं. पुरलं नाही. बंकट हलिमाच्या आवाजानं गप व्हायचा. ताप आला की तिच्याकडं झेपावायचा. पहिला शब्द बोलला तोही 'अम्मा'. मनकर्णा आडावर बायांना सांगायची, जिचा नवरा सोसायटीच्या गोदामाचा राखणदार, तिची चूल कशानं विझतीय, तिला दूध येणारच. बाया पदराआड हसायच्या. हलिमा घागर भरून निघून जायची, आणि दुसऱ्या दिवशी बंकटला न्हाऊ घालून आणून द्यायची. ते मनकर्णाला जास्त लागायचं.

परवा ती निक्षून सांगायला गेली, पोराला नेणार म्हणून. भांडायच्या तयारीनंच गेली होती. हलिमा भांडली नाही. तिनं आपल्या नावाची गोष्ट सांगितली.

हलिमा म्हणजे सोसणारी. अरबस्तानात अशी एक हलिमा होती. दुष्काळाचं साल, बसायला मरतुकडी गाढवी, अंगावर दूध नाही. शहरातली लेकरं पाजायला रानातल्या बायांनी आपल्याकडं न्यायची तिकडं रीत होती. बाकीच्या बायांनी बऱ्या घरची लेकरं उचलली. हिच्या वाट्याला बाप नसलेलं एक राहिलं. ते छातीशी धरलं आणि पान्हा फुटला. ते लेकरू म्हणजे पैगंबरसाहेब. दोन वर्षं पाजून हलिमानं ते स्वतः नेऊन आईच्या ओटीत घातलं.

"आईचं ते आईचं," हलिमा म्हणाली. "भांडतीस कावून? घेऊन जा."

मनकर्णा जिंकून घरी आली, आणि जिंकूनही जळत राहिली. तिचं स्वतःचं नाव लग्नात नवऱ्यानं तांदळात बोटानं लिहिलेलं. त्याचा अर्थ तिला कुणी सांगितला नव्हता. आणि हिच्या नावामागं एवढी मोठी बाई उभी.

ट्रकचा भोंगा.

हलिमाच्या ओट्यावर तिची सासू बसली होती. मांडीवर बंकट. तेल लावलेला, नवं झबलं घातलेला. शेजारी त्याचं गाठोडं. हलिमा आत होती, चुलीपुढं, पाठमोरी. चूल पेटलेली नव्हती.

म्हातारीनं पोर लगेच दिलं नाही. हलिमानं तुझ्याकडं काही मागितलं का, असं तिनं हळूच विचारलं. मनकर्णा म्हणाली, मागतीय कशाला, तिनंच नावाची गोष्ट सांगून पोर दिलं.

"सारी सांगितली?"

"आईला नेऊन दिलं म्हणली."

"आन फुडचं?"

फुडचं मनकर्णाला ठाऊक नव्हतं.

म्हातारी सांगू लागली. लेकरू नेऊन दिलं खरं, पण शहरात रोगराई होती. त्या हलिमाचा पाय निघेना. तिनं आईची मनधरणी केली, आणखी थोडे दिवस माझ्याकडं राहू दे, अंगानं भरू दे, मग आणते. आणि आईनं दिलं.

"आमच्या हलिमाला ही समदी गोष्ट बारकी व्हती तवापासून पाठ हाय," म्हातारी म्हणाली. "मी म्हणलं, सांग की. तर म्हणती, सांगितलं तर मागितल्यावानी व्हईल."

पुन्हा भोंगा. निवृत्तीची हाक.

मनकर्णानं पोर उचललं. चांगलं जड होतं. वळली, ओट्याची पायरी उतरली, थांबली. बंकट तिच्या खांद्यावरून आतल्या पाठीकडं बघत होता. ती पुन्हा तशीच जळली. पण या खेपेला पोरावरून नव्हे.

ती माघारी आली आणि उंबरा ओलांडून आत गेली. हलिमानं मान वळवली नाही.

"दोन वर्सं तूच देत आलीस," मनकर्णा म्हणाली. आवाज भांडणाचाच होता. "दूध दिलंस. पोर दिलंस. आता तोंड उघडून माग माझ्याकडं. मलाबी एकदा देऊ दे."