तीन वाजताचा लिफाफा

बुद्धिबळाचा डाव अर्धवट थांबला की पुढची खेळी कागदावर लिहून लिफाफ्यात बंद करायची आणि दुसऱ्या दिवशी पंचांनी तो फोडला की तीच खेळायची, असा तेव्हाचा नियम होता. राष्ट्रीय अजिंक्यपदाच्या शेवटच्या डावात काल संध्याकाळी एलादियोनं असाच लिफाफा बंद करून दिला होता; तो आज दुपारी तीनला फुटणार होता.

सकाळी हवानातली त्याची सगळी गल्ली दारात जमली. न्हावी फेर्मिननं डोमिनोच्या टेबलावर पट मांडला, कालचा डाव लावला आणि तोंडातला चिरूटही न काढता हत्ती पुढे सरकवला.

"हा हत्ती! दुसरं काहीही खेळलं की आपण मेलो. पण हत्ती आला की समोरच्याचा राजा पळणार कुठं?"

"वीस वर्षांत याला एकदा तरी हरवलंयस का? आणि आज याला शिकवतोस!" कुणीतरी ओरडलं.

"शिकवतोय कुठं? माझ्यासारख्या गाढवाला दिसलं, ते याला काल दिसलं नसेल होय?"

सगळे खो खो हसले. शेजारच्या ओनेलिया मावशींनी तर अंगणात डुक्कर भाजायलाही घातलं. आईनं पांढऱ्या सदऱ्याला इस्त्री केली, कॉफी आणून दिली आणि हळूच विचारलं, "हत्तीच लिहिलास ना रे?"

"हत्तीच," एलादियो म्हणाला.



लिफाफ्यात त्यानं प्याद्याची खेळी लिहिली होती, आणि तीन वाजायला अजून पाच तास होते.